ओरेस्टचा उजवा गुडघा

आठ मिनिटांच्या भाषणातून ओरेस्ट प्रोकोपचुकला काय मिळणार होतं, ते आधी पाहू. जेवण मिळणार होतं, पण ते सगळ्यांनाच होतं. साडेसहाशे माणसांसमोर उभं राहायला मिळणार होतं, तेही अंगावर पॅड न चढवता आणि कुणी शिट्टी फुंकून दोन मिनिटं दंडाच्या खोक्यात न बसवता. पण खरी मिळकत पुढच्या वर्षीची होती. कॅनडातल्या सस्कॅचेवान प्रांतातल्या, बर्फावरची हॉकी खेळलेल्या जुन्या खेळाडूंची एक मानाची भिंत आहे, रेजायनातल्या रिंकच्या दाराशीच. दर हिवाळ्यात तिच्यावर एक तसबीर चढते. ज्याची चढते, तो स्वतःची ओळख करून द्यायला एका जुन्या सोबत्याला बोलावतो. आणि अशी ओळख करून देणाऱ्या मागच्या नऊ जणांपैकी सहा जण वर्ष-दोन वर्षांत स्वतःच भिंतीवर जाऊन बसले होते. समितीच्या लोकांना माणूस एकदा स्टेजवर नजरेत भरावा लागतो, एवढंच. हे सहा आणि नऊ ओरेस्टने कुणाला बोलून दाखवले नव्हते. त्याची बायको व्हर्ना हिला ते न सांगताच ठाऊक होते.

"ग्लासातल्या दातांनाही सांग तयारी करायला," ती म्हणाली. "फोटोत तेच पुढे असणार."

यंदाची तसबीर कीथ हॅलडेनची होती. निवड झाल्याचं पत्र मिळालं त्याच दिवशी कीथचा फोन आला. "प्रोकी, तूच बोलायचंस. दहा वर्षं माझी पाठ बघत खेळलास तू. माझ्याबद्दल तुझ्याइतकं कुणाला माहीत?"

पाठीचं म्हणाल तर अगदी खरं होतं. हॅमिल्टनच्या संघात हे दोघं बचावपटूंची जोडी होते. बचावपटूने मागे थांबावं अशी अपेक्षा असते. कीथला ती कधी मानवली नाही. पक, म्हणजे ती रबराची चकती, काठीला लागला रे लागला की तो सुसाट पलीकडे जायचा, आणि त्याच्यामागे उघडी पडलेली अर्धी बाजू ओरेस्ट एकटा सांभाळायचा. दहा वर्षांत कीथचे गोल झाले दोनशे चौदा. ओरेस्टचे सतरा, त्यातला एक दुसऱ्याच्याच स्केटला लागून आत गेलेला. अंगावर घेऊन अडवलेले पक, तुटलेल्या फासळ्या, वरचे चार आणि खालचे दोन दात, हे त्या काळी कुणी मोजत नव्हतं. त्यासाठी रकानाच नव्हता. पण ओरेस्टची तक्रार नव्हती. जोडीत एकाने जायचं आणि एकाने राहायचं. तो राहणारा होता.

आता गुडघ्याचं सांगायला हवं.

एक्क्याण्णव सालच्या जानेवारीत ओरेस्टचा उजवा गुडघा आतून फाटला. वय बत्तीस, करार पुढच्या उन्हाळ्यात संपणारा. या धंद्यात दुखतंय हे सांगायची सोय नसते. कोचला सांगितलं तर तो बाकावर बसवतो. आणि समोरच्या संघाला कळलं तर तो नेमका तिथेच येऊन आदळतो. म्हणून जुन्या खेळाडूंची एक रीत होती. उजवा गेला असेल तर डाव्याला सोंग द्यायचं. मोज्यावरून फुगवटा दिसेल असा जाड पट्टा डाव्याला, त्यावर पांढऱ्या टेपचे चार वेढे. सामना संपल्यावर बातमीदारांसमोर बर्फाची पिशवी डाव्यावर, आणि लंगडायचंही डाव्यानेच. खऱ्या गुडघ्याला आतून पातळ पट्टी, कुणाला संशयही येणार नाही अशी. मग सगळी लीग तुमच्या धडधाकट गुडघ्यावर हातोडे मारत बसते.

खरा कुठला, ते जोडीदाराला सांगावंच लागतं, कारण कुठल्या बाजूला वळताना आपल्याला उशीर होणार हे त्याला ठाऊक हवं. ती पातळ पट्टी कीथच बांधायचा. दौऱ्यावर दोघांची खोली एकच असायची. आणि त्याच खोलीत, तोंडात टॉवेल कोंबून बसलेल्या कीथचा डावा खांदा ओरेस्ट परत खोबणीत बसवायचा. तो खांदा दर दोन महिन्यांनी निखळायचा. तेही दोघांखेरीज कुणाला ठाऊक नव्हतं. गुडघ्याला खांदा, अशी बरोबरी होती.

मार्चमध्ये हॅमिल्टनने ओरेस्टला हॅलिफॅक्सला देऊन त्या बदल्यात एक तरणा आक्रमक खेळाडू घेतला. हे चालतंच. पण मे महिन्यात बादफेरीच्या मालिकेत हेच दोन संघ समोरासमोर आले. दुसऱ्या सामन्यात ओरेस्ट आपल्याच गोलमागे पक घ्यायला वळला आणि हॅमिल्टनचा रेज टोबिन खाली वाकून आला तो थेट उजव्या गुडघ्यावर. टेप नसलेल्या. गुडघा ज्या दिशेला वळत नाही त्या दिशेला वळला. सहाशे अकरा सामन्यांचा हिशोब तिथेच बंद झाला. हॅमिल्टनने मालिका सातव्या सामन्यात एका गोलने जिंकली, तो गोल कीथचा होता, आणि जूनमध्ये कपही त्यांनीच उचलला.

अठ्ठावीस वर्षं ओरेस्ट त्याला नशीब म्हणत आला. लीगमधल्या सगळ्यांनी डावा ठोकला आणि या एका आंधळ्याने चुकून उजवा गाठला, असं तो हसत सांगायचा. त्यानंतर त्याने गावी बियाणं चाळायचा कारखाना चालवला, गुडघा दोनदा बदलून घेतला, आणि दर सप्टेंबरला रानहंसांच्या शिकारीला येणाऱ्या कीथसाठी पलंगावर धुतलेल्या चादरी घातल्या. कीथ त्याच्या मुलीचा धर्मपिता होता. एवढं सगळं एका माणसावर लावून ठेवलेलं होतं.

भाषण पाच मिनिटांचं लिहून झालं आणि तीन मिनिटं उरली. तेवढ्यात बसेल असा एखादा हसरा किस्सा हवा होता. म्हणून फेब्रुवारीतल्या एका सकाळी, उणे एकतीसमध्ये, ओरेस्टने रात्रभर वायर लावून ऊबेत ठेवलेला ट्रक काढला आणि मूस जॉ गाठलं. रेज टोबिन तिथे राहायचा. डोनटच्या दुकानात खिडकीजवळच्या टेबलाशी रोज सकाळी चार म्हातारे जमायचे आणि कॉफीचे पैसे कुणी द्यायचे ते फाशांवर ठरवायचे. रेज त्यांचा म्होरक्या.

"या, लंगडेमहाराज!" रेज दारातूनच ओरडला. "बघा रे, माझी कारागिरी चालत आली."

"कारागिरी कसली? हेल्मेट नाकावर आलं होतं तुझं," ओरेस्ट म्हणाला. हा संवाद अठ्ठावीस वर्षं असाच चालायचा. "कीथबद्दल एखादा किस्सा दे. शिव्या कमी असलेला. पाद्री येणार आहेत."

"किस्सा? अरे, तुझ्या गुडघ्याचाच सांग की. त्याच्यापुढे दुसरं काय टिकणार?"

"त्यात कीथ कुठे आला?"

रेज हसतच होता. त्याला वाटलं, ओरेस्ट नाटक करतोय. "फळ्यावरचं चित्र, लेका!"

"कसलं चित्र?"

"दुसऱ्या सामन्याआधी, कपडे बदलायच्या खोलीत. कीथ उठला, खडू घेतला आणि फळ्यावर तू काढलास... म्हणजे तुला काढलं. हे एवढं नाक. डाव्या गुडघ्यावर फुली मारली आणि उजव्याभोवती मोठं वर्तुळ. खाली लिहिलं, 'टेप खोटं बोलते.' आम्ही आडवे झालो हसून." रेजने बाकीच्यांकडे पाहिलं. तिघेही फाशांकडे बघत होते. तेव्हा कुठे त्याला काहीतरी चुकल्याचं जाणवलं. "प्रोकी, तुला हे ठाऊक आहे ना? सगळ्यांना ठाऊक आहे. दरवर्षी आम्ही कपवाले गोल्फला जमलो की होतंच ते."

"कोण सांगतं?"

"कीथच. आमच्याने कुठे तसं जमतंय? तो नाकासकट सांगतो."

ओरेस्टने कॉफीचा घोट घेतला. ती गार झाली होती का गरम होती, हे त्याला कळलं नाही. "कोचने विचारलं म्हणून सांगितलं का त्याने?"

रेजला खोटं बोलता आलं असतं. पण रेज टोबिन आयुष्यभर सरळ जाऊन धडकणारा माणूस. "नाही. कोच उलट म्हणाला होता, प्रोकीला सोडा, पोरांवर लक्ष द्या. कीथ आपणहून उठला." मग तो म्हणाला, "बादफेरी होती रे."

"किती जण होतात खोलीत?"

"धर बावीस."

फासे पडले ते ओरेस्टवर. त्याने पाचही कॉफ्यांचे पैसे दिले आणि निघाला. बावीस माणसं गुणिले अठ्ठावीस वर्षं, हा गुणाकार तो घरापर्यंत मनात करत राहिला. दर वेळी उत्तर वेगळं यायचं.

व्हर्ना स्वयंपाकघरात वारेनिकी भरत होती. उकडलेल्या बटाट्याचं सारण, कडा चिमटीने दाबायच्या. चेहरा बघूनच तिने विचारलं, "कोण गेलं?"

त्याने उभ्यानेच सांगितलं. ती ऐकत होती आणि कडा दाबत होती, जरा जास्तच जोरात.

"सप्टेंबरात सोळा खाल्ल्या त्याने माझ्या हातच्या," ती म्हणाली. "मोजल्या होत्या मी. पोट बिघडलंय म्हणून कळवून टाक. जाऊ नकोस."

"निमंत्रणावर नाव छापलंय."

"मग जा, गोड बोल, आणि पुढच्या वर्षी भिंतीवर चढ. नाहीतर सगळ्यांसमोर धुऊन काढ त्याला. पण आधी ठरव, यातून तुला काय हवंय?"

ओरेस्ट खुर्चीत बसला. उजवा पाय नेहमीसारखा सरळ पुढे. "एकदा लाज वाटलेली बघायचीय," तो म्हणाला. "त्याच्या तोंडावर. लोकांच्या देखत. बाकी काही नको."

"भिंतही नको?"

यावर त्याने नजर टेबलावरच्या पिठाकडे वळवली, हे तिने टिपलं. मग तो म्हणाला, "व्हर्ना, मालिकेआधी आमच्या कोचने मला आत बोलावलं होतं. म्हणाला, हॅलडेनला कुठे दुखतंय? तू दहा वर्षं त्याच्या खोलीत होतास. मी म्हटलं, कुठेच नाही, ठणठणीत आहे."

व्हर्नाचे हात थांबले.

"आणि सातव्या सामन्याआधी लुक आला हॉस्पिटलात." लुक आर्सेनो म्हणजे हॅलिफॅक्समधला त्याचा नवा जोडीदार, बावीस वर्षांचं पोर, त्याला 'सर' म्हणणारं. "म्हणाला, उद्या हॅलडेनला मलाच अडवायचंय, कुठल्या बाजूने आदळू? कीथ एक तासापूर्वीच येऊन गेला होता. संत्र्यांची पेटी घेऊन. माझा हात धरून रडला होता. ती पेटी तिथेच होती, उशाशी. मी लुकला म्हटलं, कुठल्याही बाजूने जा, सारखंच आहे."

"हे मला कधी बोलला नाहीस."

"बोलण्यासारखं काय होतं? मित्र होता."

व्हर्नाने पिठाचा हात पुसला. पण जे तिच्या मनात आलं, ते ती बोलली नाही. तेव्हाच बोलली असती तर पुढचं कदाचित टळलं असतं.

समारंभाच्या संध्याकाळी कोट ठेवायच्या खोलीत दोघांची गाठ पडली. कीथ पासष्टीला आला होता, पण उभा अजून ताठ, दात नवे आणि एकसारखे.

"प्रोकी! दात विसरला नाहीस ना?"

"फळ्यावर चित्र तू काढलंस?"

कीथने नाकारलं नाही. तेवढं श्रेय त्याला द्यायला हवं. त्याने सावकाश मफलर काढला, घडी केली. "रेज बोलला. त्या बैलाच्या पोटात काही राहत नाही. मला वाटलं होतं, तुला केव्हाच कळलं असेल आणि तू सोडून दिलं असशील."

"माझ्या घरात झोपायचास तू."

"मग? बादफेरी होती, प्रोकी. तू तिकडचा झाला होतास. मला वाटलं, दोन सामने बसशील. सगळाच जाईल, असं कुणाला वाटलं होतं? हॉस्पिटलात रडलो ते खोटं नव्हतं."

"मला तुझा खांदा ठाऊक होता."

"होताच की. रोज वाट बघत होतो मी, आज कोणीतरी डावीकडून येणार म्हणून. सात सामने दात आवळून खेळलो. आलाच नाही कुणी."

"कारण मी सांगितलं नाही. कोचने विचारलं, तरी नाही. लुकने विचारलं, तरी नाही."

कीथ त्याच्याकडे बघत राहिला. त्याच्या चेहऱ्यावर लाज येईल, म्हणून ओरेस्ट डोळे लावून होता. आलं ते आश्चर्य. अगदी खरं, कोरं आश्चर्य.

"विचारलं होतं? आणि तू खोटं बोललास? स्वतःच्या संघाला?" त्याने हलकी शीळ घातली. "अरे, कोणी मागितलं होतं तुझ्याकडे हे?" मग त्याने ओरेस्टच्या दंडाला धरलं आणि आवाज खाली आणला. "गुडघ्याचं बोलायचं तर बोल. माझी हरकत नाही. पण हे दुसरं वर जाऊन बोलू नकोस. तुझ्या भल्यासाठी सांगतोय."

आता हा सल्ला खरा होता. इतक्या वर्षांत कीथने ओरेस्टला दिलेला बहुधा एकमेव निखळ प्रामाणिक सल्ला. पण अठ्ठावीस वर्षं ज्याचं सगळं खरं मानलं, त्याचं नेमकं त्या संध्याकाळी ओरेस्टला खोटं वाटलं. त्याला वाटलं, कीथ घाबरला. याचं दुखतं ते इथेच.

पहिली पाच मिनिटं ठरल्याप्रमाणे गेली. दोनशे चौदा गोल, कप, गावातल्या पोरांसाठी कीथने चालवलेली शिबिरं. लोक कोबीच्या पानांत गुंडाळलेला भात खात ऐकत होते. मग ओरेस्टने कागद दुमडून खिशात घातला.

"माझा खरा दुखरा गुडघा कुठला, ते मी जगात एकाच माणसाला सांगितलं होतं," तो म्हणाला. "एक्क्याण्णवच्या मेमध्ये त्या माणसाने ते फळ्यावर काढून बावीस जणांना दाखवलं. तो माणूस आज इथे पुढच्या टेबलाशी बसलाय."

एक क्षण शांतता झाली. ओरेस्टने ती ऐकली आणि त्याला बरं वाटलं.

मग रेजच्या टेबलावरून मूठ आदळल्याचा आवाज आला आणि अख्खा हॉल फुटला. लोक हसत होते. मनापासून, पोट धरून. त्यांना वाटलं, प्रोकी आपल्याच गुडघ्याची मस्करी करतोय. जुन्या मंडळींत यापेक्षा मोठ्या मनाचं दुसरं काही नसतं. कीथ उठून उभा राहिला, त्याने हवेत खडू धरला, हवेतच एक लांबलचक नाक काढलं आणि त्याखाली मोठं वर्तुळ. टाळ्या थांबेनात. समितीच्या अध्यक्षबाई, हॉकीला दुरून बघत आलेल्या एक निवृत्त दंतवैद्य, रुमालाने डोळे पुसत शेजाऱ्याच्या कानात काहीतरी म्हणाल्या आणि दोघांनी ओरेस्टकडे कौतुकाने पाहिलं.

इथे तो थांबला असता तर भिंत त्याची होती. हसून मान डोलवायची, एवढंच काम बाकी होतं. साडेसहाशे माणसं ती द्यायला तयार होऊन बसली होती. पण त्याला भिंत नको होती, निदान त्या मिनिटाला तरी नको होती. त्याला फरक दाखवायचा होता.

"हसा," तो म्हणाला. "पण मलाही याचं ठाऊक होतं. याचा डावा खांदा निखळायचा. आमच्या कोचने मला विचारलं. मी सांगितलं नाही. सातव्या सामन्याआधी माझ्या जोडीदाराने विचारलं, तेव्हाही मी सांगितलं नाही. मी याला विकलं नाही."

आता जी शांतता झाली, ती पहिल्यासारखी नव्हती. कुणीतरी काटा बशीत ठेवला, तो आवाज स्टेजपर्यंत आला. मधल्या एका टेबलावरून एक म्हातारा गोलरक्षक, ज्याची ओरेस्टशी धड ओळखही नव्हती, बसल्या जागेवरून म्हणाला,

"स्वतःच्या कोचला खोटं सांगितलंस?"

"मित्र होता तो."

"आणि तुझ्या संघातली बाकीची वीस माणसं? ती कोण होती?"

चढा नव्हता तो आवाज. त्याला खरोखरच जाणून घ्यायचं होतं. ओरेस्टने रेजकडे पाहिलं. रेज आपल्या बशीत बघत होता. व्हर्नाकडे पाहिलं, ती उठून निघायच्या तयारीत होती, आणि तिच्या चेहऱ्यावर स्वयंपाकघरात न बोललेलं ते वाक्य आता स्पष्ट वाचता येत होतं. कीथने जे केलं, ते या हॉलमधल्या प्रत्येकाने कधी ना कधी केलं होतं, किंवा करायची तयारी ठेवली होती. ओरेस्टने केलं ते मात्र कुणीच नाही.

शेवटी कीथच स्टेजवर आला. त्याने ओरेस्टच्या खांद्यावर हात टाकला, माइक आपल्याकडे ओढला आणि म्हणाला, "याच्या डोक्यावर किती पक बसलेत ते मी मोजलेत, मंडळी. हा सांगतो त्यातलं अर्धं धरत जा." लोक सुटका झाल्यासारखे हसले. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच मागे थांबून दुसऱ्याची उघडी पडलेली जागा कीथ हॅलडेनने भरून काढली, आणि ओरेस्टला त्याचा आधार घेऊनच पायऱ्या उतराव्या लागल्या. गुडघा वळत नव्हता.

दहा मैल गेल्यावर व्हर्नाने गाडीतला हीटर कमी केला. मग म्हणाली, "ती पोरं होती रे. लुक बावीसचा होता."

"मला ठाऊक आहे."

"आज कळलं ना?"

"हो," तो म्हणाला. "आज."

भाषण कुणीतरी फोनवर टिपलं होतं. ते आठव्या दिवशी पार समुद्रकाठी, न्यू ब्रन्सविकमध्ये पोचलं. तिथे लुक आर्सेनो शेवंडं पकडायची बोट चालवतो. दर नाताळला त्याचं कार्ड यायचं, त्यावर एकच ओळ: मला लाभलेल्या सर्वांत चांगल्या जोडीदाराला. या वेळी फोन आला.

"सर, ते खरं आहे?"

ओरेस्टला कीथने काढून दिलेली वाट समोर दिसत होती. डोक्यावर बसलेले पक, म्हातारपण, अर्धं धरत जा. त्याने ती घेतली नाही.

"खरं आहे, लुक."

"मी तुम्हाला विचारलं होतं. बेडजवळ उभा राहून."

"हो."

"शेवटच्या चार मिनिटांत मी त्याला रिंकच्या कठड्याशी गाठलं होतं, सर. दोन्ही बाजू मोकळ्या होत्या. मी उजवीकडून गेलो." पलीकडे वाऱ्याचा आवाज येत होता. "तो सुटला आणि त्याने गोल केला. त्यानंतर मी सात वर्षं खेळलो. बादफेरीत पुन्हा तितक्या लांब कधी गेलो नाही. मला वाटायचं, माझंच चुकलं. बायकोला सांगत आलो, पोरांना सांगत आलो. पोरं चिडवतात मला त्यावरून."

"लुक, मी..."

"गुडघा कसा आहे तुमचा?" लुकने सवयीने विचारलं, आणि उत्तराची वाट न बघता फोन ठेवला. पुढच्या नाताळला कार्ड आलं नाही.

भिंतीवर पुढच्या हिवाळ्यात एस्तेवान गावचा एक गोलरक्षक चढला. त्याआधी सप्टेंबरात कीथचा फोन आला, हंस उतरले का विचारायला, जणू मध्ये काही घडलंच नव्हतं. तो व्हर्नाने घेतला. ती काय म्हणाली ते ओरेस्टने विचारलं नाही, पण चादरी कपाटातच राहिल्या.

तेव्हा शेवटची बेरीज अशी. कीथ हॅलडेनने कप घेतला, भिंत घेतली, आणि दिलं काही नाही. किस्साही त्याच्याकडेच राहिला, आणि आता गोल्फच्या वेळी त्याला पूर्वीपेक्षा लांब शेवट आहे. रेजने त्या सकाळी जे दिलं, ते खरं सांगण्याच्या भरात फुकट दिलं. ओरेस्टने गुडघा दिला, मित्र दिला, भिंत दिली, आणि फोनवर दोन शब्दांत लुकही देऊन टाकला. उरली हॅलिफॅक्सची ती वीस माणसं. एका मैत्रीसाठी त्यांचा कप गेला, आणि त्या मैत्रीत त्यांना कुणी धरलंच नव्हतं.